‘प्राचीन हेमाडपंती जैन मंदिर’ : तीन विशेषणांची चिकित्सा

१

महाराष्ट्रातील गावोगावच्या देवालयांची वर्णने वाचू लागले असता ‘प्राचीन हेमाडपंती जैन मंदिर’ हा शब्दसमूह वारंवार आढळतो. स्थलवर्णनपर पुस्तिका, स्मरणिका, जिल्ह्यांच्या माहितीची पुस्तके, इतकेच नव्हे तर क्वचित संशोधनपर प्रबंधही या तीन विशेषणांवर विसंबून पुढे जातात. विशेषणे उच्चारली की इतिहास सांगून झाला, अशी लेखकाची व वाचकाचीही समजूत होते. वस्तुतः या तीन शब्दांपैकी प्रत्येक शब्द एकेका स्वतंत्र विधानाचे काम करतो. ‘प्राचीन’ हे कालाविषयीचे विधान आहे. ‘हेमाडपंती’ हे कर्त्याविषयीचे व शैलीविषयीचे विधान आहे. आणि ‘जैन’ हे उपासकांविषयीचे विधान असून पुष्कळदा तेही शैलीचे विशेषण म्हणून वापरले जाते. प्रत्येक विधानाला स्वतंत्र पुरावा लागतो. तो न देता तिन्ही एकत्र उच्चारल्यास एका विशेषणाची उणीव दुसऱ्याने झाकली जाते. मंदिर हेमाडपंती म्हणून प्राचीन, आणि प्राचीन म्हणून हेमाडपंती, असे तर्काचे वर्तुळ तयार होते.

हा प्रश्न केवळ परिभाषेचा नाही. इंदापूर तालुक्यातील बावडा या गावाचे उदाहरण घ्यावे. उत्तरेस व पूर्वेस भीमा आणि दक्षिणेस नीरा यांच्यामधील भूप्रदेशात, इंदापूरहून अकलूजकडे जाणाऱ्या मार्गावर हे गाव आहे. याच तालुक्यात नीरा व भीमा यांच्या संगमावर नीरा नरसिंहपूर हे वैष्णव क्षेत्र आहे. नीरेपलीकडे माळशिरस तालुक्यात दहिगाव हे दिगंबर जैनांचे प्रसिद्ध क्षेत्र आहे. आणि भीमेच्या प्रवाहानुसार खाली पंढरपूर आहे. अशा प्रदेशातील एखाद्या जैन मंदिराचा इतिहास लिहू पाहणाऱ्या अभ्यासकाच्या हाती सर्वप्रथम पडते ते हे तयार विशेषणत्रय. ते त्याने स्वीकारले, तर पुढील प्रश्न विचारण्याचे कारणच उरत नाही. म्हणून ज्यांचा काल शिलालेखांनी निश्चित झालेला आहे अशा जैन मंदिरांच्या कसोटीवर ही विशेषणे घासून पाहणे अगत्याचे ठरते.

२

प्रथम ‘हेमाडपंती’ या विशेषणाचा विचार करावा. हेमाद्री किंवा हेमाडपंत हा देवगिरीच्या यादवांचा श्रीकरणाधिप. महादेव यादव इ. स. १२६१ च्या सुमारास सिंहासनावर आला आणि रामचंद्र १२७१ मध्ये. या दोघांच्या कारकीर्दीत हेमाद्रीचा अधिकार चालला. ‘चतुर्वर्गचिंतामणी’ या धर्मशास्त्रावरील विस्तृत निबंधग्रंथाचा कर्ता म्हणून त्याची कीर्ती अखिल भारतात पसरली. मोडी लिपीपासून बाजरीच्या पिकापर्यंत अनेक गोष्टींचे श्रेय लोकपरंपरेने त्याला दिले. चुन्याशिवाय घडीव दगडांत बांधलेल्या देवळांचे श्रेयही त्यातच आले.

हेमाद्रीने देवळांना आश्रय दिला याविषयी शंका घेण्याचे कारण नाही. पंढरपूरच्या चौऱ्यांशीच्या शिलालेखात, म्हणजे शके ११९५ ते ११९९ या काळातील विठ्ठलमंदिराच्या दानांच्या नोंदीत, रामचंद्र यादवाबरोबर हेमाद्रीचेही नाव येते. परंतु दान देणे वेगळे आणि स्थापत्यपद्धती प्रवर्तित करणे वेगळे. ज्या बांधणीला त्याचे नाव दिले जाते ती बांधणी त्याच्या अधिकारकालापूर्वी दोनशे वर्षे महाराष्ट्रात पूर्ण विकसित झालेली होती. अंबरनाथचे शिवालय शके ९८२ चे, म्हणजे इ. स. १०६० च्या सुमाराचे, शिलाहार मुम्मुणीच्या काळातील आहे. घडीव दगडांची सांधेजोड, बाह्यभिंतींचे तारकाकृती कोन, मधल्या उभ्या लतांच्या दरम्यान लहान लहान शिखरांच्या ओळी मांडणारे भूमिज शिखर, मंडपाचे कोरीव स्तंभ व छते हे सर्व तेथे परिपक्व अवस्थेत दिसते. भूमिज प्रकाराचे विवेचन ‘समरांगणसूत्रधार’ व ‘अपराजितपृच्छा’ या वास्तुग्रंथांत आहे आणि माळव्यातील उदयपूरचे उदयेश्वर मंदिर हे त्याचे ११व्या शतकातील श्रेष्ठ उदाहरण आहे. चुन्याविना दगड रचण्याची युक्ती तर याहूनही जुनी असून ऐहोळे व पट्टदकल येथील चालुक्य मंदिरांत ती सर्रास योजलेली आहे.

१९व्या शतकाच्या अखेरच्या चरणात मुंबई इलाख्याच्या गॅझेटिअरचे खंड सिद्ध झाले. त्यांत स्थानिकांच्या तोंडचा ‘हेमाडपंती’ हा शब्द मुक्तपणे घेतला गेला. गावातील मंडळी जे सांगतात ते नोंदविणे हे त्या खंडांचे एक काम होते आणि त्या मर्यादेत ते उपयुक्तच झाले. पुढे १९३१ मध्ये हेन्री कझिन्स यांच्या दख्खनच्या मध्ययुगीन मंदिरांवरील ग्रंथाने या वास्तूंचे मोजमाप, नकाशे व छायाचित्रे एकत्र उपलब्ध करून दिली आणि मंदिरांची तुलना प्रत्यक्ष वास्तूंच्या आधारे करणे शक्य झाले. त्यानंतरच्या अभ्यासकांनी भूमिज, लतिन, फांसना इत्यादी शास्त्रीय संज्ञा रूढ केल्या. असे असूनही मराठी लेखनातून ‘हेमाडपंती’ हा शब्द हटला नाही. त्याच्या चिवटपणाचे कारण उघड आहे. या शब्दाने सामान्य माणसाच्या हाती एक ओळखीचे नाव दिले. वास्तुशास्त्राची परिभाषा न जाणणारा गावकरीही आपल्या गावच्या देवळाला त्या नावाने महाराष्ट्राच्या इतिहासाशी जोडू शकला. लोकव्यवहारातील शब्दाला ही मुभा असावी; परंतु संशोधनात त्याच शब्दाने तेराव्या शतकाचा उत्तरार्ध गृहीत धरला जातो, आणि तेथून अनर्थास आरंभ होतो.

३

जैन मंदिरांच्या बाबतीत हा अनर्थ अधिक गंभीर आहे. त्याचे सर्वांत बोलके उदाहरण अंजनेरीचे. नाशिक व त्र्यंबकेश्वर यांच्यामध्ये अंजनेरीचा डोंगर असून त्याच्या पायथ्याशी लहान लहान ब्राह्मणी व जैन मंदिरांचा समूह विखुरलेला आहे. त्यांपैकी एका जैन मंदिरातील शिलालेख शके १०६३, म्हणजे इ. स. ११४१-४२ चा आहे. पंडित भगवानलाल इंद्रजी यांनी तो ‘इंडियन अँटिक्वेरी’त प्रसिद्ध केला आणि डॉ. रामकृष्ण गोपाळ भांडारकर यांनी दख्खनच्या प्राचीन इतिहासावरील आपल्या १८८४ च्या ग्रंथात त्याची दखल घेतली. यादव कुळातील सेउणदेव याने आठवे तीर्थंकर चंद्रप्रभ यांच्या मंदिराला दान दिल्याची ही नोंद आहे. दान आहे ते नगरातील दुकानांचे. त्याच लेखात व्यापारी दात्यांनीही मंदिरासाठी दुकान व घर दिल्याचा उल्लेख आहे.

हा छोटा लेख पुष्कळ सांगतो. पहिली गोष्ट कालाची. हेमाद्रीचा स्वामी महादेव यादव सिंहासनावर येण्यापूर्वी सुमारे १२० वर्षे हे मंदिर उपासनेत होते. दुसरी गोष्ट अर्थव्यवहाराची. शेतजमिनीच्या किंवा गावाच्या दानाऐवजी दुकानांचे उत्पन्न मंदिराच्या नित्यनैमित्तिक खर्चासाठी लावून दिले आहे. यावरून अंजनेरी ही त्या काळी बाजारपेठ होती आणि मंदिराच्या भोवतीचा उपासकवर्ग व्यापारी होता असे अनुमान करता येते. या अनुमानाला आणखी जुना आधार मिळतो. हरिश्चंद्रवंशीय भोगशक्ती याचे अंजनेरी येथे सापडलेले ताम्रपट महामहोपाध्याय वासुदेव विष्णु मिराशी यांनी संपादित केले आहेत. त्यांत कलचुरी संवत ४६१, म्हणजे इ. स. ७१० च्या सुमाराचा काल दिलेला असून उद्ध्वस्त झालेले एक नगर पुन्हा वसवून तेथील व्यापाऱ्यांना करांच्या व दंडांच्या बाबतीत सवलती दिल्याची हकीकत आहे. या परिसरातील व्यापाराचा वारसा चार शतके मागे जातो. नाशिकच्या खोऱ्यातून कोकणातील बंदरांकडे उतरणाऱ्या घाटवाटांचे सान्निध्य ध्यानी घेतले असता या वारशाचे कारणही समजते.

आता याच मंदिराला केवळ ‘हेमाडपंती’ म्हटल्यास काय होते ते पाहावे. सव्वाशे वर्षे एका शब्दाने पुसली जातात. दुकाने देणारे व्यापारी दृष्टीआड होतात आणि त्यांच्या जागी एक मंत्री येऊन उभा राहतो. तोही असा की, ज्याच्या ग्रंथाचा सारा विषय श्रुतिस्मृतिपुराणोक्त व्रते, दाने व श्राद्धकर्मे हा आहे. जैन श्रावकांनी आपल्या द्रव्याने उभारलेल्या वास्तूंचे श्रेय वैदिक धर्मशास्त्राच्या निबंधकाराला जावे, यात कोणाचा हेतू नाही. परंतु इतिहासाची हानी हेतूवाचूनही होते.

अंजनेरी हा अपवाद मानावा असेही नाही. दक्षिण महाराष्ट्रात कोल्हापूर व कागलजवळील बामणी येथील शिलाहार विजयादित्याचे अनुक्रमे शके १०६५ व शके १०७३ चे लेख पार्श्वनाथाच्या मंदिरांना दिलेल्या दानांची नोंद करतात. बेळगावच्या किल्ल्यातील कमलबस्ती रट्ट राजा चौथा कार्तवीर्य याचा मंत्री बीचिराज याने बांधविली; तिच्याशी संबंधित लेखांचा काल इ. स. १२०४ हा आहे आणि त्यांत तिला रट्ट-जिनालय म्हटले आहे. वेरूळच्या डोंगरावरील पार्श्वनाथाच्या भव्य मूर्तीखालील लेख शके ११५६, म्हणजे इ. स. १२३४-३५ चा असून श्रीवर्धनपूरच्या चक्रेश्वराने ती मूर्ती करविली व या चारणाद्री पर्वताला अनेक जिनप्रतिमांनी पवित्र केले, असे त्यात सांगितले आहे. या सर्व नोंदी हेमाद्रीच्या पूर्वीच्या आहेत. दात्यांत राजे, मंत्री, गावप्रमुख व गृहस्थ असे निरनिराळ्या स्तरांचे लोक आहेत. एका नावाच्या छत्राखाली त्यांना गोळा करणे म्हणजे एका विस्तृत सामाजिक इतिहासाला एकच चेहरा देणे होय.

४

दुसरे विशेषण ‘जैन’. उपासकांच्या अर्थाने ते निर्दोष आहे. शैलीच्या अर्थाने मात्र ते तपासून घ्यावे लागते. या गोंधळाचे मूळ जेम्स फर्ग्युसन यांच्यापर्यंत जाते. १८७६ मध्ये प्रसिद्ध झालेल्या भारतीय व पौर्वात्य वास्तुकलेच्या इतिहासात त्यांनी वास्तूंची विभागणी करताना धर्माला वर्गीकरणाचे एक तत्त्व मानले आणि ‘जैन वास्तुकला’ असा स्वतंत्र विभाग योजला. विखुरलेली प्रचंड सामग्री प्रथमच एका सूत्रात मांडण्याचे त्यांचे कार्य थोर आहे. परंतु धर्मावरून शैली ठरते हे गृहीत महाराष्ट्रातील व सीमाभागातील वास्तूंच्या कसोटीस उतरत नाही.

वेरूळचे क्रमांक ३० चे लेणे ‘छोटा कैलास’ म्हणून ओळखले जाते. हे नावच सांगते की, त्याचा आदर्श शैवांचे क्रमांक १६ चे कैलास लेणे हा आहे. द्राविड विमानाची तीच कल्पना लहान प्रमाणावर जैनांनी योजिली. बेळगावच्या कमलबस्तीचे घोटीव, कातल्यासारखे स्तंभ आणि मंडपाच्या छतातून खाली झुकलेले कमळ ही उत्तर चालुक्य परंपरेची लक्षणे आहेत. कर्नाटकातील समकालीन शिवालयांत त्यांचे भाईबंद पुष्कळ सापडतात. अंजनेरीची जैन मंदिरे त्यांच्या शेजारच्या ब्राह्मणी मंदिरांच्या कुळातील आहेत. अर्थात् वेरूळ, बेळगाव व अंजनेरी येथील जैन वास्तूंचे परस्परांशी जेवढे साम्य आहे, त्याहून अधिक साम्य त्या त्या प्रदेशातील शैव-वैष्णव वास्तूंशी आहे. सूत्रधार व पाथरवट यांच्या परंपरा प्रदेशानुसार बनत. यजमान कोणत्या पंथाचा आहे यावरून त्यांची हत्यारे बदलत नसत.

मग मंदिराचे जैनत्व कशात शोधावे? ते मूर्तिविधानात, मांडणीत व उपासनेच्या सोयीत शोधावे लागते. द्वारशाखेवरील ललाटबिंबात जिनमूर्ती आहे काय. गर्भगृहातील पीठावर लांछन व यक्ष-यक्षी आहेत काय. चारही दिशांना मुख असलेली सर्वतोभद्र प्रतिमा, मानस्तंभ, भट्टारकांच्या पादुका किंवा निषीधिका परिसरात आहेत काय, हे प्रश्न विचारावे लागतात. यांतही केवळ रूढ नावावर विसंबणे धोक्याचे असते. वेरूळचे क्रमांक ३२ चे लेणे ‘इंद्रसभा’ या नावाने प्रसिद्ध आहे. हत्तीवर बसलेल्या पुरुषप्रतिमेला पाहून लोकांनी तिला इंद्र मानले आणि सिंहवाहिनी स्त्रीप्रतिमा इंद्राणी ठरली. वस्तुतः ही जैन यक्षाची व अंबिकेची रूपे आहेत. पहिल्या प्रतिमेची ओळख पूर्वी मातंग म्हणून व पुढे सर्वानुभूती म्हणून केली गेली. होजे परेरा यांचा १९७७ चा आणि लिसा ओवेन यांचा २०१२ चा वेरूळच्या जैन लेण्यांवरील ग्रंथ यांमुळे या लेण्यांचा विचार स्वतंत्र रीतीने होऊ लागला. तत्पूर्वी दीर्घकाळ ती कैलासानंतरची शेपटी म्हणून उरकली जात असत. नाव ‘इंद्रसभा’ राहिले तरी हरकत नाही. नावावरून मूर्तीचा अर्थ लावू नये एवढाच यातील बोध आहे.

याच्या उलट टोकाची सावधगिरी पुणे जिल्ह्यातच घ्यावी लागते. मावळ तालुक्यातील पाले येथील लेण्यात आढळलेला ब्राह्मी लेख डॉ. ह. धी. सांकलिया व डॉ. शोभना गोखले यांनी प्रसिद्ध केला. अर्हंतांना वंदन करून इंदरखित नामक भदंताने लेणे व पाण्याची पोढी करविल्याचे त्यात सांगितले आहे. अक्षरवटिकेवरून तो इसवी सनापूर्वीचा मानला जातो आणि महाराष्ट्रातील जैनांचा सर्वांत जुना पुरावा म्हणून त्याचा निर्देश होतो. मात्र हे जैनत्व मुख्यतः आरंभीच्या नमस्काराच्या शब्दांवर उभे आहे, आणि अर्हत् हा शब्द बौद्धांनाही परका नाही. तेथे जिनप्रतिमा नाही. म्हणून लेख महत्त्वाचा मानूनही त्यावर रचलेले निष्कर्ष पुराव्याच्या वजनाएवढेच ठेवणे इष्ट.

५

तिसरे विशेषण ‘प्राचीन’ हे सर्वांत निरुपद्रवी वाटते आणि म्हणूनच ते सर्वांत फसवे आहे. मंदिर प्राचीन आहे असे म्हणताना नेमके काय प्राचीन आहे, हे सांगितले जात नाही. स्थानाचे वय, वास्तूचे वय, मूर्तीचे वय आणि उपासकसमाजाच्या वसतीचे वय ही चार निरनिराळी वये आहेत. ती क्वचितच एक असतात.

मूर्तीच्या वयावरून वास्तूचे वय ठरविण्याची पद्धत किती अविश्वसनीय आहे हे संवत १५४८ च्या मूर्तींवरून कळते. विक्रम संवत १५४८, म्हणजे इ. स. १४९० च्या सुमारास, मुडासा नगरात जीवराज पापडीवाल या श्रावकाने भट्टारक जिनचंद्र यांच्या हस्ते असंख्य जिनमूर्तींची प्रतिष्ठा करविली आणि त्या ठिकठिकाणच्या मंदिरांना पाठविल्या. उत्तरेपासून विदर्भ-मराठवाड्यापर्यंतच्या दिगंबर मंदिरांतून याच वर्षाचे, याच दात्याचे लेख असलेल्या पांढऱ्या पाषाणाच्या मूर्ती आजही पूजेत आहेत. मूर्तिलेख वाचून ‘हे मंदिर पंधराव्या शतकातील’ असा निर्णय देणाऱ्याने तोच निर्णय शेकडो गावांना लागू करावा लागेल, आणि त्यांतील पुष्कळ गावांत त्या काळी जैन वसतीचा मागमूसही नसेल. मूर्ती प्रवास करते. वास्तू करत नाही.

वास्तू प्रवास करत नसली तरी तिचे दगड करतात. बेळगावच्या किल्ल्याच्या तटबंदीत जुन्या देवळांचे कोरीव दगड बसविलेले दिसतात. चुन्याविना रचलेली भिंत उकलणे सोपे असते. तिचे घडीव चिरे विहिरीला, वाड्याला, पारालाही चालतात आणि दुसऱ्या मंदिरालाही चालतात. म्हणून मंदिराच्या भिंतीत एक जुना कोरीव स्तंभ सापडला म्हणजे ती भिंत जुनी झाली असे होत नाही. उलट जुन्या गाभ्यावर नवे बांधकामही होते. पुणे जिल्ह्यातील यवतजवळच्या भुलेश्वराच्या मंदिरात यादवकालीन दगडी गाभा व त्यावरील उत्तरकालीन चुना-विटांचे बांधकाम एकाच दृष्टिक्षेपात दिसते. डॉ. म. श्री. माटे यांनी मराठा वास्तुकलेचा स्वतंत्र अभ्यास करून चुना व विटा यांवर आधारलेल्या या उत्तरकालीन बांधणीला तिचे स्थान मिळवून दिले. त्यामुळे ‘यादवकालीन नाही, म्हणून नगण्य’ ही वृत्ती टिकाव धरू शकत नाही. अठराव्या किंवा एकोणिसाव्या शतकातील मंदिरालाही इतिहास असतो, आणि जैनांच्या बाबतीत तो विशेष समृद्ध आहे.

नीरा-भीमेच्या पट्ट्यात हा मुद्दा कळीचा ठरतो. गुजरात-राजस्थानच्या सीमाभागातून दक्षिणेत आलेल्या हुंबड व्यापारी कुटुंबांची वसती फलटण, बारामती, अकलूज, सोलापूर या मार्गावर झाली. दहिगावचे महावीरमंदिर ब्रह्मचारी महतीसागर यांच्या स्मृतीशी निगडित असून महतीसागरांची मराठी रचना एकोणिसाव्या शतकातील जैन मराठी वाङ्मयाचा महत्त्वाचा भाग आहे. १९३४ मध्ये इंदापूर तालुक्यात वालचंदनगरची औद्योगिक वसाहत उभी करणारे वालचंद हिराचंद हे याच समाजातील सोलापूरचे. सोलापूरच्याच जीवराज जैन ग्रंथमालेने प्राचीन जैन ग्रंथांच्या संपादनाचे मोठे कार्य केले, डॉ. विद्याधर जोहरापूरकर यांचा ‘भट्टारक संप्रदाय’ हा ग्रंथ १९५८ मध्ये तिने प्रकाशित केला आणि कारंजा, लातूर इत्यादी भट्टारकपीठांची परंपरा मूर्तिलेखांच्या व ग्रंथप्रशस्तींच्या आधारे प्रथमच क्रमवार लावून दाखविली. डॉ. सुभाषचंद्र अक्कोळे यांनी प्राचीन मराठी जैन साहित्याचा शोध घेतला. या साधनांवरून मध्ययुगाच्या उत्तरार्धातील व पेशवाईनंतरच्या काळातील जैन समाजाचे मराठी जीवन उभे करता येते. परंतु एखाद्या गावच्या मंदिराला ‘हेमाडपंती’ ठरविण्याच्या हव्यासात या साऱ्या साधनांकडे पाठ फिरविली जाते. अठराव्या शतकात स्थलांतर करून आलेल्या कुटुंबांनी आपल्या घामाच्या पैशातून बांधलेले मंदिर तेराव्या शतकात ढकलले, तर त्या कुटुंबांच्या पराक्रमाची नोंद कोठे व्हावी? खोट्या प्राचीनतेने खरा इतिहास हरवतो.

६

या चिकित्सेवर एक आक्षेप संभवतो. लिखित पुरावा नसलेली मंदिरेच बहुसंख्य. त्यांच्या बाबतीत शैलीवरून काल न ठरविल्यास अभ्यासच थांबेल. आक्षेप रास्त आहे. शैलीवरून कालनिर्णय करणे अपरिहार्य आहे. मात्र तो तुलनेने व्हावा, नावाने होऊ नये. अधिष्ठानाचे थर, स्तंभांचे प्रकार, द्वारशाखांची संख्या, छतांची घडण, शिखराचा प्रकार ही अंगे ज्या मंदिरांचा काल लेखांनी ठरलेला आहे त्यांच्याशी ताडून पाहिली, तर पन्नास-पाऊणशे वर्षांच्या टप्प्यापर्यंत अनुमान करता येते. अंबरनाथ, अंजनेरी, कमलबस्ती ही अशी मैलाचे दगड ठरणारी स्थळे आहेत. त्यांच्यापासून अंतर मोजावे.

दुसरे साधन मराठी वाङ्मयातच आहे. महानुभावांची ‘स्थानपोथी’ ही चक्रधरस्वामींचे वास्तव्य जेथे जेथे झाले त्या स्थळांचे वर्णन करते. देऊळ कोणत्या दिशेला तोंड करून आहे, आवार कोठे आहे, पटिशाळ कोणत्या बाजूस आहे, असे तपशील तेथे बारकाईने येतात. देवळाचे वर्णन नेमक्या शब्दांत करण्याची ही परंपरा मराठीत सहा शतकांपूर्वीपासून आहे. त्या मानाने ‘हेमाडपंती’ या एका शब्दावर भागविणारे आधुनिक वर्णन दरिद्री ठरते. संशोधकाने पर्यायी शब्द वापरावेत ते काय सांगावयाचे आहे त्यानुसार. काल सांगावयाचा असेल तर यादवकालीन, शिलाहारकालीन, रट्टकालीन. शिखराचा प्रकार सांगावयाचा असेल तर भूमिज किंवा लतिन. बांधणी सांगावयाची असेल तर चुन्याविना केलेली दगडी बांधणी. हे शब्द लांब आहेत, पण प्रत्येक शब्द एकच गोष्ट सांगतो.

दुसरा प्रश्न जीर्णोद्धाराचा. जैन परंपरेत जीर्णोद्धार हे पुण्यकृत्य मानले गेले आहे आणि मंदिर हे उपासकांचे आहे, अभ्यासकांचे नव्हे. तेव्हा नव्या फरश्या, तैलरंग, संगमरवराचे आच्छादन यांविषयी केवळ खेद व्यक्त करणे निष्फळ होय. परंतु ‘मंदिर हेमाडपंती असल्याचे सर्वश्रुत आहे’ या विश्वासामुळे जीर्णोद्धारापूर्वी कोणी मोजमाप घेत नाही, ही गोष्ट खेदजनक आहे. काय आहे हे ठाऊक आहे असे वाटल्यामुळे ते पाहिले जात नाही, आणि पाहण्यापूर्वीच ते झाकले जाते. विशेषणाची ही सर्वांत मोठी किंमत आहे.

बावडा व त्यासारख्या गावांतील मंदिरांकडे जाणाऱ्या अभ्यासकाने म्हणून क्रम उलटा करावा. प्रथम जोते व उंबरठा पाहावा, कारण जीर्णोद्धारात ते बहुधा शेवटी बदलतात. नंतर द्वारशाखा व ललाटबिंब पाहावे. प्रत्येक मूर्तीच्या पीठावरील लेखाचा ठसा घ्यावा आणि संवत, गण, भट्टारक, दाता व गाव यांची नोंद वेगवेगळ्या रकान्यांत करावी. मंदिरातील पोथ्यांच्या अखेरच्या प्रशस्ती व जुन्या हिशेबाच्या चोपड्या चाळाव्यात; अंजनेरीच्या शिलेवर जशी दुकाने कोरली गेली तशी देणग्यांची नोंद या चोपड्यांत शाईने उतरलेली असते. गावातील वृद्धांच्या आठवणी कुळांच्या स्थलांतराशी ताडून पाहाव्यात. हे सर्व झाल्यावर चारही वये स्वतंत्रपणे लिहावीत. त्यानंतर एखादे विशेषण योजण्याची गरज उरलीच, तर ते योजावे.

अंजनेरीच्या चंद्रप्रभमंदिराला दुकान देणाऱ्या व्यापाऱ्यांनी आपले दान शिलेवर कोरून ठेवले, कारण ते कोणी दिले हे पुढच्यांना कळावे अशी त्यांची इच्छा होती. तेवढी इच्छा पुरी करणे इतिहासलेखनाला अशक्य नाही.